शेततळ्यातलं धाग्याचं शेवाळ: मोरचूद टाकण्याआधी ते बोटांत धरून बघा

मोहोळ तालुक्यातल्या एका डाळिंब बागायतदाराने विचारलं आहे: ३० बाय ३० मीटरचं, ३ मीटर खोल, प्लास्टिक अस्तराचं शेततळं आहे. कालव्याला पाणी सुटलं की भरून घेतो, कमी पडलं की बोअरचं सोडतो. जानेवारीपासून हिरव्या धाग्यांचे गोधडीएवढे थर वर येतात, पंपाच्या पाणी ओढणाऱ्या तोंडाला, फूट व्हॉल्व्हला, गुंडाळतात, ठिबकचा फिल्टर दिवसातून तीनदा धुवावा लागतो. गेल्या वर्षी मोरचूद टाकलं, आठवड्यात तळं निवळलं. यंदा पाणी निम्म्यावर असताना १० किलो टाकलं. चौथ्या दिवशी पहाटे रोहू-कटला वर येऊन तोंड उघडत होते, दिवस वर येईपर्यंत बरेच मेले, आणि महिन्याभरात शेवाळ जसंच्या तसं. आता डोस किती वाढवू?

दादा, डोस वाढवू नका. तुमच्या पाण्यात नेमकं कोणतं शेवाळ आहे आणि त्याला एवढं खायला कुठून मिळतं, हे दोन प्रश्न आधी सोडवायचे आहेत. मी सोलापुरात बरीच वर्षं वनस्पतिशास्त्र शिकवलं आणि जवळजवळ तेवढीच वर्षं लोक माझ्याकडे बाटलीत शेवाळ घेऊन येतात. त्या सगळ्या बाटल्यांतलं शेवाळ लांबून सारखंच हिरवं दिसतं. सूक्ष्मदर्शकाखाली मात्र ती वेगवेगळ्या कुळांची, वेगवेगळ्या खोडीची मंडळी असतात. एकाला जे लागू पडतं ते दुसऱ्याला पडत नाही.

आधी मासे का मेले ते बघू, कारण त्यात तुमच्या डोसचं उत्तर आहे. उताराच्या बाजू धरल्या तर तुमचं तळं काठोकाठ भरल्यावर सुमारे २२ लाख लिटर पाणी बसतं. पण खोली निम्मी झाली म्हणजे पाणी निम्मं राहिलं असं होत नाही. तळ वरच्या तोंडापेक्षा अरुंद असतो, म्हणून दीड मीटरला तुमच्याकडे जेमतेम पावणेदहा लाख लिटर होतं. त्यात १० किलो म्हणजे लिटरला १० मिलिग्रॅम मोरचूद. नेहमीचा आडाखा असा की पाण्याच्या अल्कतेला (म्हणजे त्यातल्या कार्बोनेट-बायकार्बोनेटच्या मापाला, ते कसं काढायचं ते पुढे सांगते) १०० ने भागायचं आणि तेवढे मिलिग्रॅम दर लिटरला. अल्कता २०० असेल तर २ मिलिग्रॅम. म्हणजे तुमच्याकडून पाचपट पडलं. तरीही मासे केवळ मोरचुदातल्या तांब्याने मेले असं मला वाटत नाही. तांब्याची विषबाधा एवढी तीव्र असती तर पहिल्या-दुसऱ्या दिवशीच दिसली असती. तुमचे मासे चौथ्या दिवशी, पहाटे, वर येऊन हवा घेत होते. हे प्राणवायू संपल्याचं लक्षण आहे. सगळं शेवाळ एकदम मेलं, खाली बसून कुजायला लागलं, आणि कुजवणाऱ्या जिवाणूंनी पाण्यातला प्राणवायू ओढून घेतला. पाण्यात तो मुळातच थोडा असतो: २० अंशांना लिटरमागे जास्तीत जास्त ९ मिलिग्रॅमच्या आसपास, ३० अंशांना साडेसातच. रात्रभर प्रकाशसंश्लेषण बंद, श्वसन चालू, म्हणून पहाट ही सगळ्यांत वाईट वेळ. मोरचूद एकदम सगळ्या तळ्यात न टाकता एक तृतीयांश भागात टाकून दहा-बारा दिवस थांबायचं असतं, ते याचसाठी.

आता ओळख. एक मूठ शेवाळ काढा, पाणी निथळू द्या आणि अंगठा-तर्जनीत चोळा.

भेंडी चिरल्यावर बोटांना जी तार लागते तसं बुळबुळीत लागलं, धागे रेशमासारखे मऊ असले आणि फांद्या नसल्या, तर बहुधा ती स्पायरोगायरा. प्रत्येक पेशीत हरितलवकाची पट्टी स्प्रिंगसारखी वळत गेलेली असते, नाव त्यावरूनच पडलं. बुळबुळीतपणा येतो पेशींवरच्या चिकट आवरणामुळे. या धाग्याला शेंडा-बुंधा असा भेद जवळजवळ नसतो. त्यातली कोणतीही पेशी विभागू शकते, म्हणून धागा कुठेही तुटला तरी दोन्ही तुकडे वाढत राहतात. पंप चालू ठेवून शेवाळ घुसळलंत तर तुम्ही त्याची रोपं लावता, असंच समजा.

स्पायरोगायराची दुसरी गोष्ट तुमच्या 'परत का येतं' याचं अर्धं उत्तर आहे. आपल्याकडे ती थंडीत फोफावते. फेब्रुवारी-मार्चमध्ये पाणी तापायला लागतं, खाद्य कमी होतं, तेव्हा दोन धागे शेजारी-शेजारी येतात, त्यांच्या समोरासमोरच्या पेशींमधून नळ्या निघून एकमेकींना जुळतात. भिंगाखाली अगदी शिडीसारखं दिसतं. एका धाग्यातल्या पेशींमधलं सगळं सत्त्व नळीतून पलीकडे जातं, तिथे एकरूप होतं आणि जाड भिंतीचा, तपकिरी युग्मबीजाणू तयार होतो. बाहेरून तुम्हाला एवढंच दिसतं की हिरवं शेवाळ पिवळट-तपकिरी होऊन विस्कटतंय. लोक म्हणतात, गेलं एकदाचं. ते गेलेलं नसतं, तळाच्या गाळात बी पेरून गेलेलं असतं. हे बीजाणू गाळ वाळला तरी टिकतात आणि पुढच्या हंगामात पाणी-प्रकाश मिळाला की रुजतात. या कुळाचं शेवाळ ज्या गटात येतं तो जमिनीवरच्या सगळ्या झाडांचा सर्वांत जवळचा नातलग मानला जातो. तुमचं डाळिंब आणि तुमच्या फिल्टरमधला हा धागा, दोघांचे पूर्वज फार मागे एकच. मला हे सांगताना अजूनही भारावून जायला होतं. आणि यावर सखोल काम करणाऱ्या भारतीयांत एक नाव असं आहे जे शेतकऱ्यांनी वेगळ्या संदर्भात ऐकलेलं असेल: महिंदर सिंग रंधावा. आयसीएस अधिकारी, पुढे पंजाब कृषी विद्यापीठाचे कुलगुरू, आणि प्रशासनाच्या धबडग्यात याच धाग्यांच्या युग्मनाचा अभ्यास करणारे.

चोळल्यावर ओल्या कापसासारखं किंवा सुतळीसारखं खरखरीत लागलं, बुळबुळ अजिबात नाही, तर मामला वेगळा. हे शेवाळ अस्तराला किंवा पाइपाला एका टोकाने चिकटलेलं आणि फांद्याफांद्यांचं असेल तर ती क्लॅडोफोरा. मोकळं तरंगणारं, गुंता झालेल्या घोड्याच्या केसांसारखं, भर उन्हाळ्यातही दमदार असेल तर पिथोफोरा. या दोन्हींच्या पेशी मोठ्या, प्रत्येकीत अनेक केंद्रकं, पेशीभित्तिका जाड. पिथोफोराच्या धाग्यात मधूनमधून काळपट, पिंपासारख्या फुगलेल्या पेशी दिसतात. त्यात अन्नसाठा ठासून भरलेला असतो. त्या विश्रांतीच्या पेशी आहेत, आणि मोरचूद त्यांना सहसा मारत नाही.

हे मी अनुभवातून शिकले. बऱ्याच वर्षांपूर्वी सांगोल्याकडच्या एका शेतकऱ्याला मी नमुना न बघता, फक्त फोनवरच्या वर्णनावरून मोरचुदाचा सल्ला दिला. वरचं शेवाळ पांढरं पडलं, तो खूश झाला, आणि पाच आठवड्यांनी दुप्पट घेऊन आला. मग बाटली मागवली. सूक्ष्मदर्शकाखाली त्या काळ्या पिंपांच्या रांगा दिसल्या आणि माझी चूक कळली. त्या शेतकऱ्याचे पैसे गेले, वेळ गेला. तेव्हापासून नमुना बघितल्याशिवाय मी औषधाचं नाव काढत नाही. तुमचं 'महिन्याभरात जसंच्या तसं' हे वाचून मला आधी पिथोफोराचीच शंका येते, पण शंका म्हणजे निदान नव्हे.

आणखी एक दिसतं: हिरवी जाळी. पाण्यात बोटं घालून उचललं की पाच-सहा कोनांची घरं असलेली बारीक पिशवी हातात येते. ती हायड्रोडिक्टिऑन. ती धाग्याची नाहीच, पेशी टोकाला टोक जोडून केलेली जाळी आहे, आणि एकेका पेशीच्या पोटात नवी छोटी जाळी तयार होऊन बाहेर पडते. वाढ भयंकर जलद, पण काढायला सोपी.

धागाच नसेल, पाणीच रंग कालवल्यासारखं हिरवं असेल, काठावर साय धरत असेल, तर ते हिरवं शेवाळ नसेलही. तो नील-हरित जिवाणूंचा प्रकार असू शकतो, त्यातले काही विष तयार करतात. असं पाणी जनावरांना पाजू नका. तुमच्या वर्णनात तसं काही नाही, पण कालव्याच्या पाण्याने तळं भरणाऱ्यांनी हा फरक लक्षात ठेवावा.

आता मुळाशी जाऊ. एवढं शेवाळ तुमच्याच तळ्यात का? मातीच्या जुन्या तळ्यात पाणी गढूळ असतं, प्रकाश फुटभरही खाली जात नाही. अस्तराच्या तळ्यात माती ढवळतच नाही. पाणी काचेसारखं निवळतं आणि प्रकाश थेट तळापर्यंत पोचतो. नोव्हेंबरपासून सोलापूरचं आभाळ निरभ्र असतं. वर दिसणारे थर मुळात वर जन्मत नाहीत. सुरुवात होते तळाच्या गाळावर आणि उताराच्या उथळ पट्ट्यावर, डिसेंबरच्या आधीच. दिवसा त्यांच्यात प्राणवायू तयार होतो, बुडबुडे धाग्यांच्या गुंत्यात अडकतात आणि अख्खा थर फुग्यासारखा वर येतो. अकरावीच्या पुस्तकात एंगेलमन या शास्त्रज्ञाचा प्रयोग असतो, आठवत असेल: १८८०च्या दशकात त्याने क्लॅडोफोराच्या धाग्यावर लोलकातून रंग पाडले आणि प्राणवायूच्या ओढीने जिवाणू लाल आणि निळ्या पट्ट्यात गोळा झाले. तुमच्या तळ्यातले बुडबुडे म्हणजे तोच प्राणवायू. जानेवारीत 'अचानक' दिसलेलं शेवाळ दोन महिन्यांचं असतं.

खाद्याचा हिशेब मात्र डोळे उघडणारा आहे. सुकलेल्या शेवाळात फॉस्फरस साधारण शेकडा अर्धा ते एक भाग असतो. म्हणजे एक किलो फॉस्फरस निदान १०० किलो सुक्या शेवाळाला पुरतो, आणि ओलं धरलं तर ते एक टन होतं. आता ठिबकमधून तुम्ही जे १२:६१ खत देता, त्याच्या चार किलोंत साधारण एक किलो फॉस्फरस आहे. व्हेंच्युरी (ठिबकच्या पाण्यात खत ओढून घेणारी नळी) किंवा खताची टाकी जोडलेली असताना वीज गेली, नॉन रिटर्न व्हॉल्व्ह नसला किंवा गळका असला, तर पाइपातलं खताचं पाणी उलटं तळ्यात येतं. मी ज्या बागांना भेट दिली त्यात हे वारंवार सापडलं, आणि मालकांना कल्पनाही नव्हती. म्हणून पहिलं काम: तो व्हॉल्व्ह तपासा. मग बघा की खताची टाकी, फवारणीचा पंप कुठे धुता. स्लरीची टाकी तळ्याच्या बांधावर आहे का? पहिल्या पावसाचं शेतातलं पाणी थेट तळ्यात उतरतं का? आणि मासे आहेत म्हणजे पेंड-कोंडा टाकत असाल. न खाल्लेली पेंड हे शेवाळाचंच खत.

इथे एक गोष्ट प्रामाणिकपणे सांगायला हवी. मत्स्यपालनाचा सल्ला देणारे सांगतात शेण टाका, पाणी हिरवं करा. त्यांचं चूक नाही. सूक्ष्म तरंगत्या शेवाळाने पाणी हिरवं झालं की खाली अंधार होतो आणि धाग्यांचं शेवाळ वाढत नाही. पण ते हिरवं पाणी ठिबकला त्रास देणारच. तळं माशांसाठी की डाळिंबासाठी, हे तुम्हाला ठरवावं लागेल. दोन्ही जमतं, पण मग मासे थोडे आणि खाद्य हात आखडून. रोहू-कटला हे धागे संपवतील अशी आशा ठेवू नका. गवत्या मासा (ग्रास कार्प) कोवळं मऊ शेवाळ खातो, खरखरीत टाळतो, आणि खाल्लेलं खत म्हणून पाण्यातच परत करतो.

मग करायचं काय? माझ्या मते सगळ्यांत किफायतशीर उपाय आहे वेळेवर ओढून काढणं. डिसेंबरच्या पहिल्या पंधरवड्यात, शेवाळ अजून तळाला आणि काठाला असताना. जुन्या शेडनेटची चार-पाच मीटरची पट्टी घ्या, खालच्या कडेला वाळू भरलेला पाइप बांधा, दोन बाजूंनी दोघांनी दोरीने ओढत न्या. लोखंडी दाताळं वापरू नका, अस्तर फाटेल. दुपारी थर वर आलेले असतात तेव्हा ओढा, पहाटे ते खाली बसलेले असतात. दर दहा दिवसांनी एकदा असं तीन वेळा केलं तर नुसतं शेवाळ नाही, त्याने शोषलेलं खतही तळ्याबाहेर जातं. मोरचुदाने मेलेलं शेवाळ मात्र ते खत पाण्यातच सोडतं आणि पुढच्या पिढीचं पोट भरतं. महिन्याभरात परत येण्याचं दुसरं अर्धं कारण हेच. काढलेलं शेवाळ डाळिंबाच्या बुंध्यापासून हातभर लांब पसरा, उत्तम आच्छादन होतं. तुमच्या यंदाच्या शेवाळात तांबं आहे, ते कुठेतरी बाजूला टाका. मोरचूद-चुन्याच्या बोर्डो मिश्रणाच्या फवारण्यांमुळे बागेत तांबं आधीच पडतं आणि ते कुजून नाहीसं होत नाही.

हे काम करताना एक माझी कळकळीची विनंती. ओल्या प्लास्टिकवर शेवाळाचा पातळ थर असला की उतारावर पाय ठरत नाही, आणि आत पडलेल्या पोहणाऱ्या माणसालाही वर येता येत नाही. एकट्याने उतरू नका. काठाला खुंट ठोकून गाठी मारलेला दोर तळापर्यंत कायम सोडून ठेवा, हवा भरलेली ट्यूब जवळ ठेवा, कुंपणाचं दार बंद ठेवा. सोबतीला कोणी नसेल तर शेवाळ पुढच्या आठवड्यात काढलं तरी चालेल.

उन्हाळ्यात तळं आटत आलं की गाळ काढा. बीजाणू त्यातच असतात. दरवर्षी जमणार नाही, दोन-तीन वर्षांतून एकदा तरी करा. सावलीचा उपाय खात्रीचा आहे, पण ३० मीटरवर शेडनेट ताणायला खर्च येतो आणि वाऱ्याचा भरवसा नसतो. ज्यांनी केलं त्यांना बाष्पीभवनही कमी झाल्याचा फायदा मिळाला, आणि मे महिन्यात आपल्याकडे दिवसाला आठ-दहा मिलिमीटर तरी पाणी उडून जातं. खर्च परवडतो की नाही, ते तुमचं पाणी किती महिने पुरतं त्यावर आहे. ज्वारीचा कडबा पाण्यात टाकून शेवाळ थांबतं असं कोणी सांगितलं तर ऐकू नका, कुजणारा पाला वाढतो एवढंच.

मोरचूद कधीच नाही असं मी म्हणत नाही. स्पायरोगायरा असेल, थर कोवळा असेल, मासे नसतील, तर मोजून आणि एक तृतीयांश भागात चालेल. पण आधी पाण्याचा अहवाल बघा. त्यात कार्बोनेट आणि बायकार्बोनेट मिलि इक्विव्हॅलंटमध्ये दिलेले असतात. दोन्हींची बेरीज करून ५० ने गुणा, ती तुमची अल्कता. ५० पेक्षा कमी असेल तर मोरचूद माशांना घातक. २५० च्या वर गेली, आणि आपल्या काळ्या खडकातल्या बोअरच्या पाण्यात ती सहज जाते, तर तांबं कार्बोनेट होऊन तळाला बसतं, शेवाळाला लागायच्या आत. तेव्हा डोस वाढवणं म्हणजे गाळात पैसे पुरणं.

फिल्टरबद्दल थोडक्यात. फूट व्हॉल्व्ह तळाला ठेवू नका आणि वरच्या थरातही नको. तरंगत्या डब्याला बांधून पृष्ठभागाखाली दोन-तीन फुटांवर ठेवा, भोवती जाळीचा मोठा पिंजरा करा. पिंजरा जितका मोठा तितका ओढीचा जोर कमी आणि धागे कमी चिकटतात. हायड्रोसायक्लोन वाळूसाठी आहे, शेवाळाचं वजन जवळजवळ पाण्याएवढंच असल्याने तो ते वेगळं करू शकत नाही. नुसत्या जाळीच्या फिल्टरमधून धागा लांबीच्या दिशेने सुईसारखा निसटतो. तुमच्याकडे आधी वाळूचा आणि त्यानंतर डिस्कचा फिल्टर हवा. ठिबकच्या काळ्या नळ्यांमध्ये (लॅटरलमध्ये) शेवाळ वाढत नाही, तिथे प्रकाश नाही. ड्रिपरमध्ये जो चिकट साका सापडतो तो मेलेल्या शेवाळावर पोसलेल्या जिवाणूंचा. त्याला क्लोरीन लागतं, ॲसिड क्षारांना लागतं. दोन्ही कधीही एकत्र किंवा लागोपाठ सोडू नका, विषारी वायू तयार होतो. मध्ये साध्या पाण्याने लाइन पूर्ण धुवा.

आणि फवारणीचं पाणी सकाळी लवकर भरा. शेवाळ दिवसभर पाण्यातला कार्बन डायऑक्साइड ओढून घेतं, त्यामुळे दाट शेवाळाच्या तळ्यात दुपारी सामू (पीएच) ९ च्या वर जाऊ शकतो. काही कीटकनाशकं एवढ्या अल्कधर्मी पाण्यात टाकीतच निकामी होतात. अस्तरावर आणि धाग्यांवर जो पांढरा खरखरीत थर बसतो तोही यामुळेच, सामू वाढला की चुना बाहेर पडतो.

आता तुम्ही एवढं करा. काचेची किंवा स्वच्छ प्लास्टिकची बाटली एक तृतीयांश भरेल एवढं तळ्याचं पाणी घ्या, त्यात लिंबाएवढाच गोळा शेवाळ टाका, वरचा भाग हवेसाठी रिकामा ठेवा. जास्त कोंबलंत तर पोचेपर्यंत कुजेल. उन्हात ठेवू नका. सोबत तळाच्या गाळाचा चमचाभर नमुना वेगळा. जवळच्या कोणत्याही महाविद्यालयाच्या वनस्पतिशास्त्र विभागात सूक्ष्मदर्शक असतो, सकाळच्या वेळी गेलात तर दहा मिनिटांत सांगतील की पट्टी वळलेली आहे की फांद्या आहेत, आणि काळी पिंपं दिसतात का. ते उत्तर आणि पाण्याच्या अहवालातले बायकार्बोनेटचे आकडे मला कळवा. चोळल्यावर काय लागलं तेही लिहा: भेंडी की सुतळी.